मी यादीतून गाळलेला खेळाडू

मी आजवर कुणावर आवाज चढवलेला नाही. रस्त्यात कुणी सायकल अंगावर घातली तरी मीच आधी बाजूला होतो आणि वर क्षमाही मागतो. या स्वभावाचा मला पुष्कळ वर्षे छुपा अभिमान होता. तो गेल्या वर्षी गेला. एका वृद्ध माणसाला मी त्याच्या आयुष्यातल्या सर्वांत मोठ्या दिवसापासून बेदखल केले, आणि तेही तीन ओळींच्या अतिशय सौम्य ईमेलने.

पुण्याहून येऊन आम्ही नेदरलँड्समधल्या झूटरमेर गावात स्थिरावलो त्याला आता सतरा वर्षे झाली. पन्नाशी उलटताच माझ्या रक्तातली साखर वाढली. डॉक्टरबाईंनी गोळ्या लिहून दिल्या आणि सोबत एक सल्लाही दिला: घराजवळच्या क्लबात दर गुरुवारी सकाळी चालत खेळायचे फुटबॉल असते, तिथे जा. पन्नाशीपुढच्या माणसांसाठी हा खेळ इथे फार लोकप्रिय आहे. नियम साधा आहे. पळायचे नाही. पळालात की पंच शिट्टी वाजवतो आणि चेंडू समोरच्यांना देतो. मी उभ्या जन्मात फुटबॉलला पाय लावला नव्हता. शाळेत क्रिकेट खेळलो, तेही बहुधा सीमारेषेवर. पहिल्या गुरुवारी चेंडू माझ्याकडे आला तेव्हा घाबरून मी पळालो. शिट्टी वाजली.

"अरे, कुणी मागे लागलंय का?" मैदानाच्या डाव्या कडेने एक उंच, वाकलेले गृहस्थ ओरडले. "चेंडू तुझ्याकडे आहे. तुला कुठे जायची घाई?"

हे गृहस्थ त्या वेळी पंच्याऐंशीच्या पुढचे होते आणि मूळचे आइसलँडचे. क्लबात सगळे त्यांना नुसते 'आइसलँडर' म्हणत. खेळून झाले की ते सामानाच्या खोलीची किल्ली घेत आणि मैदानालगतच्या कालव्यात पडलेले चेंडू लांब काठीच्या जाळीने काढत बसत. मी पहिल्या दिवशी त्यांना आदराने 'तुम्ही' म्हटले, तर ते खेकसले, "मी काय नगराध्यक्ष आहे?"

"आमच्याकडे वडीलधाऱ्यांना तुम्हीच म्हणतात."

"मग मी तुमच्याकडे येईन तेव्हा म्हण. इथे चेंडू दे."

मी 'तुम्ही'च म्हणत राहिलो, आणि तेही खेकसत राहिले.

खेळानंतर कँटीनमध्ये कॉफी होत असे. त्यांच्या कॉफीत साखरेचे चार खडे, माझ्या कॉफीत एकही नाही. त्या टेबलावर, कित्येक गुरुवार मिळून, त्यांचे आयुष्य मला तुकड्या-तुकड्यांनी ऐकायला मिळाले. त्यांच्या देशाचा फुटबॉल संघ तेव्हा नवखाच होता. गवताची मैदाने जवळजवळ नव्हतीच. ज्वालामुखीच्या काळ्या खडीवर सामने होत. त्यांनी एकदा पँट वर करून गुडघा दाखवला: कातडीच्या आत काळे कण अजून तसेच होते, गोंदल्यासारखे. दिवसा मासे खारवण्याच्या कारखान्यात काम, संध्याकाळी सराव. उन्हाळ्यात रात्र होतच नसे, त्यामुळे सराव संपायलाही काही कारण नसे. वारा इतका की गोलरक्षकाने मारलेला चेंडू परत त्याच्याच हातात यायचा. एकोणिसाव्या वर्षी त्यांची देशाच्या संघात निवड झाली, डाव्या बगलेला. ते देशासाठी एकच सामना खेळले. पुढे खारवलेल्या माशांच्या जहाजावरून ते या देशात आले, ब्रेडा शहराच्या बाजूच्या एका क्लबात पैसे घेऊन खेळले, सव्विसाव्या वर्षी गुडघा गेला, आणि मग चाळीस वर्षे त्यांनी लोकांच्या न्हाणीघरांत फरशा बसवल्या.

"तो देशाचा सामना कसा झाला?" मी विचारले होते.

"हरलो."

"किती गोलांनी?"

"वारा फार होता," ते म्हणाले आणि त्यांनी साखरेचा आणखी एक खडा घेतला.

एका गुरुवारी हजेरीच्या कागदावर त्यांना माझे पूर्ण नाव दिसले. तीन नावे कशाला, असे त्यांनी विचारले. मी सांगितले की पहिले माझे, मधले वडिलांचे, शेवटचे घराण्याचे. त्यांनी टेबलावर थाप मारली.

"वडिलांचं! बघ, तूही आमच्यातलाच. आमच्याकडे आडनाव नसतं. मी आणि माझा बाप, बस्स. एवढंच नाव."

"मग हे इथलं आडनाव कुठून आलं?"

"ते माझ्या गावाचं नाव. ब्रेडाच्या क्लबातल्या कारकुनाला रकाना भरायचा होता. मी म्हटलं, भर."

आम्ही दोघे मनापासून हसलो. ही गोष्ट मला माहीत नव्हती, असे म्हणण्याची सोय मला नाही, म्हणून ती इथे आधीच नोंदवून ठेवतो.

वसंत ऋतूत क्लबाच्या मोठ्या वर्धापनदिनाची तयारी सुरू झाली. कँटीनच्या भिंतीवर एक लाकडी फलक लावायचा होता: क्लबाचे जे सदस्य कधी ना कधी आपल्या देशासाठी खेळले, त्यांची नावे सोनेरी अक्षरांत. चार नावे निघाली. क्लबाच्या सचिव एक निवृत्त शिक्षिका आहेत, कागदपत्रांच्या बाबतीत काटेकोर. त्यांनी मला बाजूला घेतले.

"बाकी तिघांचं सगळं आहे माझ्याकडे. आइसलँडरचं मात्र फक्त त्याच्या तोंडचं आहे. तू असल्या कामातला आहेस ना? बघशील का जरा?"

मी खरोखरच असल्या कामातला आहे. हूफडॉर्पच्या एका कचेरीत मी ग्राहकांच्या नोंदी स्वच्छ करतो. एकच माणूस दोनदा नोंदला गेला असेल तर एक नोंद ठेवायची. जिला आधार नाही ती काढून टाकायची. हे काम मी, पुण्यातली वर्षे धरून, वीस वर्षे केले आहे आणि त्यात माझी चूक क्वचित निघाली आहे. एका रविवारी दुपारी मी चहा घेऊन बसलो. आइसलँडच्या जुन्या संघांच्या याद्या शोधल्या, तिथली जुनी वर्तमानपत्रे इंटरनेटवर आहेत तीही चाळली. शोधाच्या चौकटीत मी क्लबाच्या यादीतले नाव जसेच्या तसे भरले. एका रकान्यात नाव, दुसऱ्यात आडनाव. काहीही सापडले नाही. दोन तासांत माझे समाधान झाले.

ईमेलमध्ये मी लिहिले की या नावाचा खेळाडू उपलब्ध नोंदींमध्ये आढळत नाही. त्यांच्या आठवणींविषयी मला पूर्ण आदर आहे. पण त्यांचे नाव तूर्त वगळावे.

पत्नीने शेजारून वाचले.

"हरलेली मॅच कोण खोटी सांगतं रे?"

"खोटं म्हणत नाहीये मी. पुरावा नाही, एवढंच."

"तुझा जन्म झाल्याचा पुरावा इथल्या नगरपालिकेने मागितला होता, तेव्हा किती चिडला होतास आठवतंय? मी समोर उभा आहे, आणखी काय पुरावा हवा, म्हणत होतास."

"ते वेगळं होतं."

"हो, ते तुझं होतं," ती म्हणाली आणि कप विसळायला गेली.

मी ईमेल पाठवला.

पुढच्या गुरुवारी कँटीनच्या सूचनाफलकावर यादी लागली. तीन नावे. आइसलँडर चष्मा लावून तिच्यासमोर उभे राहिले. तीन नावे वाचायला जितका वेळ लागतो त्याहून बराच अधिक वेळ ते उभे होते. मग चष्मा घडी करून खिशात ठेवला, मैदानावर आले आणि नेहमीप्रमाणे डाव्या कडेला खेळले. खेळ झाल्यावर मात्र कॉफीला आले नाहीत.

"कुंपण रंगवायचंय," ते म्हणाले.

त्यानंतरच्या तीन गुरुवारीही कुंपणच रंगवायचे होते. कुणी ती यादी तपासली हे त्यांना माहीत नव्हते. मला माहीत होते, आणि मी त्यांच्या रिकाम्या खुर्चीशेजारी बसून बिनसाखरेची कॉफी पीत होतो. मी स्वतःला सांगत होतो की सत्य कधी कधी कटू असते. इतक्या चांगल्या वाक्याआड माणूस किती दिवस लपू शकतो, याचा मला तेव्हा अनुभव आला.

मग मी औषधे आणायला गेलो. नवे औषधालय होते. काउंटरवरच्या मुलीने माझे आडनाव विचारले, टाइप केले आणि मान हलवली.

"तुम्ही आमच्या यंत्रणेत नाही आहात."

"पण डॉक्टरबाईंनी काल पाठवलंय."

"या नावाचा माणूसच नाही इथे." ती अतिशय सौम्यपणे बोलत होती. तिच्या आवाजात पूर्ण आदर होता.

मी पुन्हा सांगितले, तिने पुन्हा पाहिले. माझ्या मागे रांग वाढली. शेवटी तिने जन्मतारखेवरून शोधले आणि तिचा चेहरा उजळला. माझ्या पारपत्रात माझे आणि वडिलांचे नाव एकाच ओळीत आहे, आणि कुठल्याशा कचेरीने वडिलांचे नाव हेच माझे आडनाव धरले होते. तिने ते मोठ्याने वाचले. माझे वडील जाऊन अकरा वर्षे झाली. त्यांचे नाव एका डच मुलीच्या तोंडून, चुकलेल्या उच्चारात, औषधालयभर ऐकू आले.

"हे तुम्हीच का?" तिने विचारले.

"हो," मी म्हणालो, आणि तिथेच, गोळ्यांची पिशवी हातात घेताना, मला कळले की मी काय केले आहे. आइसलँडमध्ये त्या आडनावाचा खेळाडू सापडणारच नव्हता. ते आडनाव ब्रेडाच्या कारकुनाचे होते. वडिलांचे नाव आयुष्यभर आपल्या नावाच्या पोटात वागवणारा माणूस मी. हसत हसत ती गोष्ट ऐकलेला माणूसही मीच. आणि तरी पडद्यावर दोन रकाने दिसताच मी त्या कारकुनासारखाच वागलो होतो. तो निदान त्या रीतीला नवखा होता.

मी घरी गेलो नाही. सायकल सरळ क्लबाकडे वळवली. ते सामानाच्या खोलीत उलट्या ठेवलेल्या पेटीवर बसून चेंडूंत हवा भरत होते.

"आज गुरुवार नाहीये," ते म्हणाले.

"मला तुम्हाला काही सांगायचं आहे. यादीतून तुमचं नाव काढायला मी सांगितलं."

पंपाचा आवाज थांबला.

"तू?"

"हो. मी चुकीच्या नावाने शोधलं. तुम्ही मला खरं नाव कसं असतं ते सांगितलं होतं. तरीही."

त्यांनी चेंडू अंगठ्याने दाबून पाहिला.

"मला वाटलं ती सचिवबाई," ते म्हणाले. "महिनाभर मनातल्या मनात तिला शिव्या देतोय मी. आता त्या सगळ्या तुला लागू करायच्या म्हणजे पुन्हा पहिल्यापासून सुरुवात आली."

"द्या."

"आता नाही जमणार. राग गरम असतानाच वापरावा लागतो." त्यांनी पंप खाली ठेवला. "तुला एक सांगू? मला फलकाचं काही नाही. फरशा बसवल्या मी चाळीस वर्षं, माझं नाव कुठल्या फरशीवर नाही. पण तो सामना रेडिओवर होता. माझा बाप तेव्हा समुद्रात, बोटीवर. त्याने मला कधी खेळताना पाहिलं नाही. चेंडूमागे पळायचं ते ज्याच्याकडे बोट नाही त्याने, असं त्याचं मत. तर रेडिओवर संघाची नावं वाचली. माझं वाचलं म्हणजे त्याचंही वाचलं, नाही का? अमक्याचा मुलगा. बोटीवरच्या सगळ्यांनी उठून त्याच्याशी हात मिळवले. हे त्याने मला दहा वर्षांनी सांगितलं, तेही दारू पिऊन." त्यांनी चेंडू मांडीवरून खाली ठेवला. "यादी लागली तेव्हा मला वाटलं, ती बोटही खोटीच ठरली."

मी खिशातून कागद काढला आणि त्यांच्या वडिलांचे नाव विचारले. त्यांनी ते स्वतःच लिहिले, ठळक अक्षरांत, माझ्यासारख्या यंत्रवाल्याला पुन्हा चूक करता येऊ नये म्हणून.

त्या दुपारी शोधायला मला दहा मिनिटेही लागली नाहीत. जुन्या वर्तमानपत्राचे एक पान होते. संघाचे छायाचित्र: अकरा माणसे, सगळ्यांचे केस एकाच दिशेला उडालेले. अगदी डावीकडे उंच, हडकुळा मुलगा, आणि खाली त्याचे नाव व त्याच्या वडिलांचे. भाषांतर करून पाहिले तर वृत्तांतात निम्मा भाग वाऱ्यावरच होता. मी त्याच्या दोन प्रती काढल्या. पत्नीने एक हातात घेतली, चष्मा वर सरकवून पाहिली, आणि मला काहीही ऐकवले नाही. इतकी दया तिने माझ्यावर क्वचितच केली असेल.

सचिवबाईंना कागद दाखवला तेव्हा त्या मोठ्या मनाने म्हणाल्या, "बरं झालं. मी यादी दुरुस्त करते. सभेत वगैरे बोलायची गरज नाही."

हा मार्ग मला फार आवडला असता. एक ईमेल, तोही सौम्य. पण तीन नावांची यादी सर्वांसमोर लागली होती. चौथे नाव गुपचूप वर चढले असते तर लोकांना वाटले असते की म्हाताऱ्याने हट्ट धरला आणि बाईंनी लाज राखली. मी म्हणालो की मला सभेत बोलायचे आहे.

वार्षिक सभा कँटीनमध्येच भरली. न्हाणीघरातल्या गरम पाण्यावर पाऊण तास गेला, मैदानाच्या दिव्यांवर तितकाच. शेवटी अध्यक्षांनी कुणाला काही विचारायचे आहे का, असे विचारले. मी उभा राहिलो. माझे डच कामचलाऊ आहे. कचेरीत सगळे इंग्रजीत चालते. मी वाक्ये लिहून, पाठ करून आलो होतो आणि दुसऱ्याच वाक्याला ती सगळी विसरलो. मग जसे जमले तसे बोललो. यादी मी तपासली. मी चुकलो. आइसलँडमध्ये माणसाच्या नावात आडनाव नसते, वडिलांचे नाव असते. हे मला त्यांनी स्वतः सांगितले होते, आणि माझ्या देशातही वडिलांचे नाव नावात असते, म्हणून मला तर कळायलाच हवे होते. हा कागद. हा संघ. हे ते.

आमच्या गुरुवारच्या गोलरक्षकाने विचारले, "म्हणजे संगणक बरोबर होता आणि माणूस चुकला?"

"हो."

"लिहून घ्या हे," तो सचिवबाईंना म्हणाला. "असं कबूल करणारा संगणकवाला मी पहिल्यांदाच पाहतोय."

हशा पिकला. कागद हातोहात फिरू लागला. बायका त्या हडकुळ्या मुलाकडे पाहून मागे वळून म्हाताऱ्याकडे पाहत होत्या आणि पुन्हा कागदाकडे. कुणीतरी टेबलावर मुठी आपटायला सुरुवात केली, मग दुसऱ्याने, मग सगळी खोली. पेले हलू लागले. अध्यक्षांनी विचारले की नाव त्यांच्या देशाच्या रीतीने लिहायचे का. कुणाचा विरोध नव्हता. फक्त सचिवबाईंना एक अडचण दिसली.

"फलकावर नावं आडनावाच्या क्रमाने आहेत. याला आडनावच नाही. मग याला बसवायचा कुठे?"

मागच्या रांगेतून खणखणीत आवाज आला.

"डावीकडे!"

त्यानंतर सभा पुढे चालवणे अध्यक्षांना शक्य झाले नाही.

वर्धापनदिनाला ऊन होते. ध्वज, मुलांचे सामने, त्यानंतर आमचा चालत खेळायचा सामना, तळणीचा वास. मी शाकाहारी, म्हणून कुणीतरी आठवणीने चीज भरून तळलेला सुफ्ले आणून ठेवला होता. रंगाऱ्याने चौथे नाव त्याच सकाळी पूर्ण केले होते आणि सचिवबाई फलकाजवळ पहारा देत होत्या. पडदा दूर झाला तेव्हा टाळ्या इतक्या झाल्या की मैदानावरची मुले खेळ थांबवून दाराशी आली. माझी पत्नी माझ्या शेजारी उभी होती. आइसलँडर पुढे झाले. डाव्या कडेला, इतर तिघांपासून जरा सुटे, त्यांचे नाव होते, आणि त्याखाली तेवढ्याच मोठ्या अक्षरांत त्यांच्या वडिलांचे. त्यांनी हात उचलला.

"हात लावू नका!" सचिवबाई ओरडल्या. "ओलं आहे अजून!"

उशीर झाला होता. त्यांचा अंगठा वडिलांच्या नावाच्या शेवटच्या अक्षरावरून फिरला होता आणि सोनेरी रंग लाकडावर बोटभर पसरला होता.

"बघा! आता रंगाऱ्याला परत बोलवावं लागणार," बाई म्हणाल्या.

"कशाला?" ते म्हणाले. "राहू दे तसंच. बाप माझा असाच होता, कडेने जरा विस्कटलेला."

मग ते वळले आणि त्यांनी हात पुढे केला. आधी बाईंशी मिळवला, मग अध्यक्षांशी, मग गोलरक्षकाशी, एकेकाशी, घाई न करता, जसा बोटीवर कुणी मिळवला असेल. माझी पाळी आली तेव्हा त्यांचा अंगठा जवळजवळ कोरडा झाला होता. तरी त्यांनी माझा हात सोडण्याआधी तो नीट दाबला, आणि उरलेला रंग माझ्या तळव्यावर आला.

"चल," ते म्हणाले. "लोक वाट बघताहेत. आज तू उजवीकडे खेळ."